अक्षरात ध्वनी कोंडलेलं जग: कथेसाठी असं विश्व रचताना कामाचा क्रम

लिहिलेल्या अक्षरात ध्वनी साठतो आणि तो सुटला की जग बदलतं, ही कल्पना घेऊन लिहिलेल्या खर्ड्यांत एक चूक हमखास सापडते. लेखक अर्थापासून सुरुवात करतो. पात्र भिंतीवर ‘अग्नी’ लिहितं आणि भिंत पेटते. मग वाचक विचारतो, ‘विस्तव’ लिहिलं असतं तर? ‘जाळ’ लिहिलं असतं तर? लेखकाकडे उत्तर नसतं, कारण त्याच्या जगात काम अर्थच करतोय. ध्वनी आणि अक्षर नुसती सजावट म्हणून उभी आहेत.

म्हणून क्रम उलटा ठेवायचा. आधी ध्वनी, मग परिणाम, मग लिपी, मग ध्वनी सुटण्याचा नियम, किंमत, चुका, आणि शब्द सातव्या टप्प्यावर. मधला टप्पा गाळून पुढे गेलात तर तिसऱ्या प्रकरणाच्या आसपास परत मागे यावं लागतं, आणि तोवर लिहिलेलं फाडायची तयारी कुणाचीच नसते.

### तयारी

चार वस्तू लागतात: कोरी वही, आरसा, पातळ कागदाची बोटभर पट्टी आणि फोनमधला रेकॉर्डर. वहीच हवी. पुढे अक्षराची कोणती रेघ आधी आणि कोणती नंतर यावर बरंच काही ठरणार आहे आणि कीबोर्डवर ते कळत नाही.

कामाला बसण्यापूर्वी तीन प्रश्नांची उत्तरं एकेका ओळीत लिहून ठेवा.

१. ध्वनी कोणाचा? लिहिणाऱ्याचा श्वास अक्षरात अडकतो, की ध्वनी जगात आधीपासूनच आहे आणि अक्षर फक्त त्याला धरून ठेवतं? पहिलं उत्तर निवडलंत तर लेखनिक महत्त्वाचा. दुसरं निवडलंत तर अक्षरं महत्त्वाची; मग त्यांच्यावर पहारे बसणार, चोऱ्या होणार.

२. कोणी वाचलं नाही तरी अक्षर चालतं का?

३. एका अक्षरातला ध्वनी एकदाच सुटतो, की पुन्हा पुन्हा?

सावधान: ‘कधी असं, कधी तसं’ हे उत्तर चालणार नाही. कथेत नियम मोडता येतो, पण त्यासाठी तो आधी असावा लागतो.

आणखी एक: ॐ आणि ह्रीं, श्रीं, क्लीं ही बीजाक्षरं बाजूला ठेवा. ती आली की वाचक आपल्या देवघरासकट कथेत शिरतो. मग तुमचा नियम त्याला दिसत नाही, स्वतःची श्रद्धा किंवा अश्रद्धाच दिसते.

### टप्पा १: ध्वनी मोजून घ्या

२००९च्या शासन निर्णयाने ठरवलेली आपली वर्णमाला ॲ, ऑ धरून ५२ वर्णांची आहे. एवढे सगळे घेऊ नका. बारा ते सोळा ध्वनी पुरतात. त्याहून जास्त घेतलेत तर वाचकाला काहीच लक्षात राहत नाही आणि पुढेपुढे लेखकालाही.

निवडताना इथला एक, तिथला एक असे वेचू नका. आख्खे वर्ग घ्या. प, फ, ब, भ, म हा एक वर्ग घेतला की रचना आपोआप हाती येते. पहिले दोन कठोर, पुढचे दोन मृदू, शेवटचा अनुनासिक. फ आणि भ महाप्राण. हीच मांडणी त, थ, द, ध, न मध्ये आहे. वाचकाने शाळेत हे घोकलेलं असतं, त्यामुळे न सांगताही त्याला पॅटर्न जाणवतो. दोन वर्ग, चार स्वर, एखादा र किंवा ल एवढ्यावर कादंबरी उभी राहते.

निवडलेला प्रत्येक ध्वनी शरीरावर तपासा. कागदाची पट्टी ओठांसमोर धरून ‘त’ म्हणा, मग ‘थ’ म्हणा. ‘थ’ला पट्टी उडते. गळ्यावर दोन बोटं ठेवून ‘प’ आणि ‘ब’ सावकाश म्हणा; ‘ब’ला ओठ सुटण्याआधीच आत कंप सुरू होतो. ‘म’ लांबवत नाक चिमटीत धरा, आवाज तिथल्या तिथे थांबतो. ओठ कधी मिटतात नि कधी नुसते जवळ येतात हे आरशात बघा.

तपासणी: ‘फ’ म्हणताना तुमचे ओठ खरंच मिटतात का? आपल्यापैकी बरेच जण ‘फळ’मध्येही वरचे दात खालच्या ओठावर टेकवतात. तसं असेल तर तुमच्या जगातला ‘फ’ कोणता हे आत्ताच ठरवा.

### टप्पा २: तोंड जे करतं तेच जगात घडू द्या

ध्वनी आणि परिणाम यांची सांगड मनाला येईल तशी घातली, की वाचकाला ती पाठ करावी लागते. तोंडाच्या हालचालीवरून घातली तर त्याला ती आपोआप समजते.

ओष्ठ्य ध्वनीत ओठ मिटतात, म्हणून हा वर्ग मिटवणारा, कोंडणारा. दंत्य ध्वनीत जिभेचं टोक दातांच्या धारेला लागतं, म्हणून तो कापणारा. मूर्धन्य ध्वनीत (ट, ठ, ड, ढ, ण) जीभ मागे वळते, म्हणून तो वळवणारा. तालव्यात जीभ रुंद होऊन टाळूला चिकटते, तेव्हा तो जोडणारा. कंठ्य खोल जाणारा.

आता वर्गातली जागा. कठोर ध्वनीचा परिणाम क्षणापुरता, मृदूचा टिकणारा, कारण त्यात नाद चालू राहतो. महाप्राणाने जोर वाढतो. अनुनासिकात बाहेर काही दिसत नाही; जे घडतं ते वस्तूच्या आत.

खाडीकाठचं एक गाव घ्या. खारं पाणी शेतात शिरू नये म्हणून बांध घातलेला आहे आणि बांधात पाण्याचं लाकडी दार. दाराच्या चौकटीवर ‘ब’ कोरला की दार मिटतं आणि मिटलेलं राहतं. ‘प’ कोरला तर फळ्या एकदा आपटून बंद होतात आणि लगेच सैल पडतात. उधाणाच्या भरतीला ‘भ’ लागतो. आणि ‘म’ कोरला तर दार सताड उघडंच, पण लाकडातली सगळी सूक्ष्म छिद्रं मिटलेली; ते लाकूड पुन्हा पाण्याने फुगत नाही.

स्वर जागा ठरवतात. ‘अ’ म्हणजे इथेच, अक्षर आहे तिथे. ‘आ’ला तोंड पूर्ण उघडतं, म्हणून परिणाम रुंद, ‘बा’ आख्ख्या बांधाला लागू. ‘इ’ अरुंद, एका फटीपुरता. ‘उ’ला ओठांचा गोल होतो, म्हणजे सभोवती.

एवढं झालं की हे सगळं वहीत कोष्टक म्हणून मांडा आणि पंधरा-वीस जोड्या करून बघा. ‘दि’ काय करेल? मृदू, दंत्य, अरुंद: टिकून राहणारा बारीक काप. म्हणजे चीर, जी भरून येत नाही. हे उत्तर कोष्टकातूनच निघालं.

तपासणी: कोष्टक एखाद्या मित्राला द्या, उदाहरण सांगू नका. ‘धु’ काय करेल विचारा. त्याचं उत्तर तुमच्या उत्तराच्या जवळपास आलं तर पुढे जा. भलतंच आलं तर कोष्टकात तुम्ही कुठेतरी लहर चालवली आहे.

ध्वनींच्या गटांना छोटी नावं दिलीत तर लेखनिकांना एका खुणेत आख्खा गट हाताळता येईल. पाणिनीच्या व्याकरणाच्या मुळाशी असलेल्या चौदा सूत्रांत हेच केलं आहे. सूत्रांच्या शेवटी खुणेचं व्यंजन येतं आणि सुरुवातीचा वर्ण अधिक खूण मिळून गटाचं नाव होतं. ‘अच्’ म्हणजे सगळे स्वर, ‘हल्’ म्हणजे सगळी व्यंजनं. त्यात ‘ण्’ ही खूण दोनदा येते, त्यामुळे ‘अण्’ म्हणजे नेमका किती लांबीचा गट हे संदर्भावरून ठरवावं लागतं. अशी एक दुहेरी खूण तुमच्या जगात मुद्दाम ठेवून द्या. खलनायकाला तीच लागेल.

### टप्पा ३: लिपी कोणत्या जातीची?

इथे घाई करू नका. सगळ्यात जास्त कथाबीजं याच टप्प्यात दडलेली आहेत आणि सगळ्यात जास्त लेखक हाच टप्पा ‘एक गूढ लिपी होती’ या ओळीवर उरकतात.

लिप्या सगळा ध्वनी सारख्या प्रकारे धरत नाहीत. अरबी लिपीत ऱ्हस्व स्वर सहसा लिहीत नाहीत, ते वाचणारा भरतो. अशा लिपीच्या जगात निम्मी ताकद वाचकाच्या हाती. कोरियाची हंगुल लिपी १४४६ मध्ये जाहीर झाली. तिच्या मूळ व्यंजनांचे आकार जीभ, ओठ, घसा यांच्या आकारांवरून घेतलेले आहेत, आणि श्वासाचा जोर वाढला की एक रेघ वाढते. तिथे अक्षर म्हणजे तोंडाचं चित्रच. तुमचं जग या मुलुखांचं असेल तर त्यांच्या वाटेने जा. देवनागरीसारखी लिपी घेणार असाल तर पुढच्या पाच जागा एकेक करून सोडवा.

दडलेला अ. नुसता ‘ब’ लिहिला तरी त्यात ‘अ’ असतोच. आपल्या कोष्टकात ‘अ’ म्हणजे ‘इथेच’, म्हणून दारावरचा ‘ब’ त्या दारालाच लागतो. पाय मोडला, ‘ब्’ केला, की जागाच उरत नाही. मिटायचं आहे, पण कुठे? लेखनिकांना सर्वांत आधी शिकवायचा निषेध हाच: अक्षराचा पाय मोडून सोडायचा नाही.

गळलेला अ. लिहिताना ‘घर’, म्हणताना ‘घर्’. लिहिताना ‘करतो’, म्हणताना ‘कर्तो’. मग चौकटीवरच्या शब्दाचं शेवटचं अक्षर पूर्ण की पाय मोडलेलं? जगाने लिहिलेलं मानायचं की उच्चारलेलं? एकच उत्तर निवडा. दुसऱ्या उत्तराचा आग्रह धरणारा एक पंथ त्याच जगात असू द्या, आणि त्यांची दारं गळू द्यात.

उलटा क्रम. ‘बि’मध्ये वेलांटी डावीकडे येते, उच्चारात मात्र ‘ब’ आधी. ‘र्ब’मध्ये रफार सगळ्यात शेवटी, डोक्यावर चढतो, पण म्हणताना ‘र’ पहिला. रेघ ओढताक्षणी ध्वनी सुटत असेल तर ‘बि’चा ‘इब्’ होईल. पुढच्या टप्प्याचा निर्णय यावर अवलंबून आहे.

अनुस्वार. टिंब एक, आवाज अनेक. ‘गंगा’त ते ङ्, ‘खंड’मध्ये ण्, ‘अंत’मध्ये न्, ‘अंबा’त म्. टिंबाला स्वतःचा आवाज नाही, पुढचं अक्षर ठरवेल तो त्याचा आवाज. म्हणजे शेजारचं अक्षर खरवडलं तर हात न लावताही टिंब बदलतं. शिवाय जुन्या लेखनात ‘तें’, ‘घरांत’ असे उच्चार नसलेले अनुस्वार असायचे. मराठी साहित्य महामंडळाच्या १९६२च्या नियमांनी ते गेले. तुमच्या जगात असं एखादं फर्मान निघालं आणि हजारो मुकी टिंबं एका वर्षात पुसली गेली तर? ती खरंच मुकी होती का? या एका प्रश्नावर दीर्घकथा होईल.

जुळे आकार. वहीत ‘ब’ काढा आणि पोटातली तिरकी रेघ खोडा. ‘व’ राहिला. ‘व’ला ओठ पुरते मिटत नाहीत. म्हणजे चाकूच्या टोकाने एक रेघ खरवडली की दार बंद दिसतं आणि पाणी झिरपत राहतं. ‘भ’ लिहिताना घाईत शिरोरेघ अखंड ओढली की तो ‘म’सारखा होतो, उधाणाच्या रात्री दार उघडं. ‘ध’ आणि ‘घ’ची तीच गत. ‘प’च्या पोटात रेघ मारली की ‘ष’. जुन्या वळणाचा ‘ख’ ‘रव’ असा वाचला जायचा, म्हणून त्याचे दोन भाग खाली जोडायची पद्धत आली. निवडलेल्या प्रत्येक अक्षराजवळ लिहून ठेवा: एक रेघ गेली तर कोणता ध्वनी, एक रेघ वाढली तर कोणता. हे पान पुढे सर्वांत जास्त उलटाल.

तपासणी: लिपीला न धरता येणारी एक गोष्ट तुमच्या यादीत आहे का? नसेल तर घाला. मोडीत ऱ्हस्व-दीर्घाचा भेद पाळत नाहीत. ‘दिन’ आणि ‘दीन’, ‘सुत’ आणि ‘सूत’ सारखेच लिहिले जातात. सगळं पकडणारी लिपी कथेला निरुपयोगी.

### टप्पा ४: ध्वनी कधी सुटतो

अक्षर पूर्ण झाल्यावर? वाचल्यावर? पुसल्यावर? हाताने स्पर्श केल्यावर? पर्याय बरेच आहेत. माझं मत विचाराल तर उत्तर आपल्या शिरोरेघेतच आहे.

बालबोध, म्हणजे आपली नेहमीची देवनागरी, लिहिताना बहुतेक जण शब्दाची अक्षरं आधी काढतात आणि शिरोरेघ शेवटी ओढतात. मोडीत उलट: आधी पानभर आडव्या रेघा आखून घ्यायच्या आणि मग त्यांच्याखाली, बोरू शक्यतो न उचलता, शब्दांत जागा न सोडता लिहीत जायचं. आता नियम असा करा की शिरोरेघेला टेकल्याशिवाय अक्षर जिवंत होत नाही. बालबोध पद्धतीचा लेखनिक सगळं लिहून, तपासून, शेवटच्या एका रेघेत सर्व ध्वनी एकदम सोडतो. मोडी पद्धतीच्या लेखनिकाचं प्रत्येक अक्षर लिहिताक्षणी जिवंत. पहिला सावकाश आणि सुरक्षित, दुसरा वेगवान आणि सतत धोक्यात. दोन घराणी, दोन स्वभाव आणि त्यांच्यातलं वैर तुम्हाला आयतं मिळालं. वेलांटीच्या उलट्या क्रमाचा प्रश्नही सुटला: बालबोधवाल्यांना तो छळत नाही, मोडीवाल्यांना छळतो.

सावधान: लिहिणं आणि घडणं यांच्यात फट ठेवा, निदान एका तरी पद्धतीत. ‘ध चा मा’ची आख्यायिका आठवा. १७७३ मध्ये शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला. आनंदीबाईंनी पत्रातल्या ‘धरावे’चं ‘मारावे’ केलं, असं सांगतात. गोष्ट म्हणून ती अडीचशे वर्षं टिकली, कारण लिहिणं, बदलणं आणि गारद्यांनी अंमल करणं या तिन्हींत वेळ जातो आणि प्रत्येक वेळी कोणीतरी थांबवू शकलं असतं. तुमच्या जगात अक्षर स्वतःच गारदी आहे. मधला वेळ शून्य केलात तर थांबवायला कोणाला जागाच राहत नाही आणि प्रसंग चार ओळींत संपतो.

### टप्पा ५: किंमत

थोडक्यात सांगतो, कारण इथे लोक विनाकारण पानं भरतात. किंमत प्रसंगात दिसली पाहिजे. ‘प्रत्येक अक्षरामागे आयुष्याचा एक दिवस कमी होतो’ ही किंमत कागदावरच राहते. वाचकाला तो दिवस दिसत नाही. महाप्राणाला श्वास लागतो, म्हणून ‘भ’ किंवा ‘ध’ लिहिताना लेखनिकाचा आख्खा श्वास जातो असं करा. मग ओळीत सलग तीन महाप्राण आले की तो चौकटीला धरून उभा राहील, आणि उतारवयातल्या लेखनिकाच्या छातीत घरघर असेल. गरीब घराण्यातले लोक अल्पप्राणावरच भागवतील. त्यांची दारं दर उधाणाला पुन्हा कोरावी लागतील.

माध्यमाची झीजही ठरवून टाका: खडू, शाई, लाकूड, दगड, तांबं.

### टप्पा ६: चुका आणि त्यांचा बंदोबस्त

या जगात चूक म्हणजे शुद्धलेखनाची बाब नव्हे, तो अपघात. तरीही बहुतेक खर्ड्यांत मंत्र चुकला की ‘काहीच झालं नाही’ असं लिहिलेलं असतं. ती पळवाट झाली. चुकीचं अक्षरही अक्षरच आहे, त्यातही ध्वनी आहे. काहीतरी घडलंच पाहिजे, आणि ते काय हे कोष्टक सांगेल.

जुनं उदाहरण वृत्राचं. इंद्राला मारणारा मुलगा व्हावा म्हणून त्वष्टा आहुती देताना ‘इन्द्रशत्रुर्वर्धस्व’ म्हणतो. ‘इन्द्रशत्रु’ या समासाच्या शेवटी स्वराघात असता तर अर्थ ‘इंद्राला मारणारा’. आघात पडला सुरुवातीला, म्हणून अर्थ झाला ‘इंद्र ज्याला मारणार तो’. वृत्र जन्मला, वाढलाही, आणि इंद्राच्या हातून मेला. मंत्र फुकट गेला नाही. तंतोतंत म्हटल्याप्रमाणेच घडलं.

तुमच्या चुकांचे तीन ढीग करा: हाताच्या (रेघ गेली, रेघ वाढली), तोंडाच्या (आघात, ऱ्हस्व-दीर्घ) आणि काळाच्या (शेवाळ, गंज, वाळवी). प्रत्येक ढिगातली निदान एक चूक कथेत घडू द्या. त्यांचे परिणाम एकमेकांसारखे नकोत.

मग बंदोबस्त. जिथे चूक जीवघेणी तिथे समाज तपासणीची पद्धत बसवतोच. वेदपठणातला जटापाठ बघा: दोन पदं घेऊन पहिलं-दुसरं, दुसरं-पहिलं, परत पहिलं-दुसरं, मग दुसरं-तिसरं, तिसरं-दुसरं, दुसरं-तिसरं. एक वर्ण सरकला तरी उलट म्हणताना अडखळायला होतं. तुमचे पहारेकरी बांधावरची अक्षरं अशी सुलट-उलट वाचत रात्रीची गस्त घालू शकतील. मात्र तयारीतल्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर ‘वाचल्यावरच ध्वनी सुटतो’ असं असेल तर गस्त घालणंच धोक्याचं. मग त्यांना मुक्याने, बोटांनी चाचपून तपासावं लागेल.

कोणी मुद्दाम खाडाखोड केली तर? कोकणात आणि इतरत्र सापडणाऱ्या शिलाहार-यादव काळातल्या गधेगाळी, म्हणजे दानाचा लेख कोरलेले दगड, आठवा. वर चंद्रसूर्य, म्हणजे दानाची मुदत. मध्ये लेख, म्हणजे मजकूर. खाली गाढव आणि स्त्रीची शिवी, चित्राच्या रूपात, म्हणजे दान मोडणाऱ्याला शिक्षा. वाचता न येणाऱ्यालाही कळावी अशी. मुदत, मजकूर, शिक्षा हे तीन भाग तुमच्या प्रत्येक मोठ्या लेखाला द्या. शिक्षेच्या भागात कोणतं अक्षर दडवायचं हे लेखनिकाचं गुपित.

तपासणी: खलनायकाच्या जागी बसून दहा मिनिटं तुमची व्यवस्था मोडायचा प्रयत्न करा. सुचलेली सर्वांत सोपी युक्ती कथेत कोणी का वापरली नाही, याचं उत्तर असायला हवं.

### टप्पा ७: आता शब्द, आणि बोली

कोष्टक पक्कं झाल्यावरच शब्दांकडे या. शब्दाचा अर्थ एकीकडे आणि त्यातल्या अक्षरांचं काम दुसरीकडे अशी ओढाताण होईल. होऊ द्या. आईने बाळाचं नाव लाडाने ठेवलं आणि त्यात दोन कापणारे ध्वनी निघाले, यातून पात्र उभं राहतं.

मराठीपुरती एक मोठी अडचण इथे येते. च, ज, झ ही अक्षरं दोन-दोन ध्वनी धरतात. ‘चहा’तला च आणि ‘चोर’मधला च वेगळे. ‘जग’ लिहिलं तर विश्व की ‘जगत राहा’ ही आज्ञा, हे अक्षरावरून कळत नाही. उच्चार मात्र दोन. दगडावर कोरलेल्या ‘जग’मधून कोणता ‘ज’ सुटणार? लिहिणाऱ्याच्या मनातला, की वाचणाऱ्याच्या तोंडचा? तयारीतल्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर तुम्ही आधीच दिलेलं आहे. त्याला इथे चिकटून राहा.

याच्या उलटही जागा आहेत. ‘आचार्याला’ आणि ‘आचाऱ्याला’ यांतला आघाताचा फरक आपण लिहून दाखवतो. एकात गुरू, दुसऱ्यात स्वयंपाकी. ‘दर्या’ आणि ‘दऱ्या’ही तसेच.

मग बोली. कोणी ‘पाणी’ म्हणतं, कोणी ‘पानी’. आपल्या कोष्टकात ‘ण’ वळवतो आणि ‘न’ कापतो. म्हणजे एका गावचा लेखनिक प्रवाह वळवेल, तर दुसऱ्या गावचा तेच लिहायला जाऊन तो तोडेल, आणि राजधानीतले पंडित त्याला ‘अशुद्ध’ म्हणतील. दुष्काळात कोणाचं पाणी कामाचं हे मात्र पंडितांच्या हातात नसेल. मराठीत या प्रकारचं विश्व रचायचं खरं कारण मला इथे दिसतं. प्रमाण आणि बोली यांचं भांडण आपल्याकडे रोजचं आहे. या जगात त्याला पाण्याच्या दराइतकं वजन येतं.

सावधान: बोलीतलं पात्र चुकतं आणि प्रमाणभाषेतलं त्याला सुधारतं, असा प्रसंग लिहिणार असाल तर कोष्टक उघडून बघा. तुमच्याच नियमांनी बोलीवाला बरोबर ठरत असेल.

### टप्पा ८: पानावर उतरवताना

कोष्टक कथेत छापू नका. पहिल्या प्रकरणात एकच अक्षर, एकच परिणाम. दुसऱ्यात त्याच वर्गातलं दुसरं अक्षर, म्हणजे वाचक फरक स्वतः लावतो. तिसऱ्या वेळी त्याला तुमच्या आधी कळलं पाहिजे की पात्र चुकतंय.

निर्णायक प्रसंग मोठ्याने वाचून रेकॉर्ड करा आणि ऐका. जिथे दार मिटतं त्या वाक्यात ओष्ठ्य ध्वनी आले असतील तर उत्तम. मुद्दाम कोंबलेले असतील तर कानाला लगेच खटकतील, ते काढा.

छपाईची काळजी वेगळी. ‘ब’च्या पोटातल्या रेघेवर कथा उभी असेल तर फाँटमध्ये ती रेघ ठळक दिसली पाहिजे, काही सजावटी फाँटांत ‘ब’ आणि ‘व’ ओळखू येत नाहीत. जुन्या, युनिकोड नसलेल्या फाँटांतून मजकूर फिरवला की रफार आणि ‘ऱ्य’ हमखास बिघडतात, म्हणून अशा जागांची यादी करून मुद्रितशोधकाला हातात द्या. मोडीला युनिकोडमध्ये २०१४ मध्ये जागा मिळाली, तरी सगळ्यांच्या फोनवर ती दिसेलच असं नाही. मोडीतल्या ओळी चित्र म्हणून टाका.

पहिलं प्रूफ आलं की कथा नंतर वाचा. आधी फक्त कोरलेले शब्द वहीतल्या जुळ्या आकारांच्या पानाशी ताडून बघा, शेवटच्या पानापासून पहिल्याकडे.